उलटे खिसे

नवऱ्याची पँट दोरीवर वाळत घातली की तिचे दोन्ही खिसे बाहेर लोंबताना दिसतात. धुवायला टाकताना तो स्वतःच ते उलटे करून ठेवतो. त्याचं बाहेरचं प्रकरण मला कळलं, रडारड झाली, माफी मागून झाली, तेव्हापासूनची ही सवय. "बघ, काही नाही," असं तो तोंडाने कधी बोलत नाही. ते काम खिसे करतात.

शेजारच्या काकू परवा गॅलरीतून म्हणाल्या, "किती गुणी गं नवरा तुझा! आमच्या ह्यांच्या खिशातली बडीशेप काल मशीनभर झाली."

मी हसले. पूर्वी याच्याही खिशात बडीशेप सापडायची, हॉटेलातून जेवून निघताना मूठभर उचललेली. मी वैतागायचे. तेव्हा खिशात हात घालायचे तो मशीन खराब होऊ नये म्हणून. आता पँट खुंटीवर असतानाच तोच हात चोरासारखा आत जातो, आणि रिकामा बाहेर आला की जीव जास्तच धास्तावतो. इतकं स्वच्छ कोण राहतं? ज्याच्या मनात काही नाही, तो खिसे उलटे कशाला करेल?

आज त्याच्या कालच्या पँटच्या खिशाच्या शिवणीत अडकलेला बडीशेपेचा एक दाणा मिळाला. इतकं बरं वाटलं! वाटलं, माझा तो जुना, गबाळा नवरा परत आला. दाणा तोंडात टाकणार, एवढ्यात आठवलं, काल तर तो सांगत होता, डबा ऑफिसातच खाल्ला म्हणून.