पाण्याचा हात

आज कणीक परत घट्टच झाली. चिडून पोळपाट सरकवला, त्या हट्टी गोळ्यावर मूठ आपटली, आणि मला फ्लॉरेन्समधली ती दुपार आठवली.

आईला खमरियाच्या दारूगोळा कारखान्याच्या क्वार्टरमधून पहिल्यांदाच परदेशी नेलं होतं. पास्ता शिकवणाऱ्या बाईंनी मैद्यात अंडी फोडायला लावली आणि बजावलं, पाणी अजिबात नाही, गोळा घट्टच हवा. आई मात्र सवयीने पेल्यात बोटं बुडवून पाण्याचा हात लावत राहिली. तिचा गोळा लोण्यासारखा मऊ झाला. बाईंनी हसतहसत तो उचलला आणि कचऱ्याच्या डब्यात टाकला.

"काहून फेकलं गं यांनी?" आई मोठ्याने म्हणाली. "पोळ्या झाल्या असत्या ना."

"चूप बस ना आई, सगळे बघून राहिले!" मी खेकसले.

आईने पदराला हात पुसले आणि उरलेला सगळा वेळ ती खिडकीशी उभी राहिली. मी मात्र माझ्या घट्ट गोळ्याचे फोटो काढत होते.

आता अर्धांगवायूने तिचा उजवा हात उचलला जात नाही. स्वयंपाकघराच्या दारात खुर्चीवर बसून ती माझी रोजची धडपड बघते.

"पाणी किती घालू, सांग ना एकदाचं!" आज मी ओरडलेच.

"मोजून थोडीच घालतात? हाताला कळते. आण इकडे."

मी परात तिच्या मांडीवर ठेवली. तिने डाव्या हाताची बोटं पाण्यात बुडवली, गोळ्यापर्यंत नेली आणि थांबली. माझ्याकडे बघून हळूच म्हणाली,

"लावू का?"