पिस्तुलासाठी घेतलेलं नाव

नवरा गेल्यावर औषधाचं दुकान विकून टाका, असं ताईंना बऱ्याच जणांनी सुचवलं होतं. त्यांनी कुणाचं ऐकलं नाही. सकाळी शटर वर करायचं, डॉक्टरांच्या चिठ्ठीतली मुंग्यांसारखी अक्षरं लावायची, झोपेसाठी खोकल्याचं औषध मागणाऱ्याला दारातूनच वाटेला लावायचं, असं त्यांचं वर्षानुवर्षं चाललं होतं. त्यांच्याहून वयाने मोठे असलेले पेन्शनरही त्यांना ताईच म्हणत आणि थोडे वचकून असत.

एका संध्याकाळी त्या शटर अर्धं ओढून हिशेब करत होत्या, तेवढ्यात एक माणूस वाकून आत आला. तोंडाला रुमाल, हातात सुरी. एक शब्द न बोलता त्याने गल्ला रिकामा केला आणि गेला. ताईंना साधं खरचटलंही नाही, पण त्या दिवसापासून शटर नुसतं वाजलं तरी त्यांच्या छातीत धस्स व्हायचं. गिऱ्हाईक रुमालाने नाक पुसायला लागलं की हातातली बाटली सुटायची.

त्यांचा मोठा भाऊ बांधकामाचा ठेकेदार. त्याच्याकडे पिस्तुलाचा परवाना होता, आणि पिस्तुलाबद्दल तो छत्रीबद्दल बोलावं तसा बोलायचा. त्यानेच ताईंना अर्ज करायला लावला. कागदपत्रं, डॉक्टरचा दाखला, फोटो, सगळं त्याने धावपळ करून जमवलं. मग एका सकाळी दोघं पोलिसांच्या परवाना शाखेत साहेबांसमोर जाऊन बसले.

साहेब सौजन्याने बोलत होते. चोरी तर रोज कुठे ना कुठे होते, म्हणून प्रत्येकाला पिस्तूल देत बसलो तर कसं चालेल, असं त्यांचं म्हणणं. जिवाला धोका आहे तो नेमका कोणाकडून, असं त्यांनी विचारलं. भावाने टेबलाखालून पायाने डिवचलं. बाहेर बाकावर बसले असतानाच त्याने सांगून ठेवलं होतं, नाव घेतल्याशिवाय फाईल जागची हलत नाही.

ताईंच्या तोंडून लंबूचं नाव गेलं.

लंबू त्यांच्याकडे सात-आठ वर्षं कामाला होता. उंच, किडकिडीत, वरच्या फळीसाठी दुकानात कधी शिडी लागली नाही. आईच्या दम्यापायी त्याला सारखा उशीर व्हायचा. एक दिवस ताईंचा पारा चढला, गिऱ्हाइकांसमोर त्या त्याला नको नको ते बोलल्या आणि उद्यापासून येऊ नकोस म्हणाल्या. जाताना तो म्हणाला होता, "पस्तावाल ताई." चोर उंच होता. निदान ताईंना तसं वाटलं होतं.

साहेबांनी विचारलं, म्हणजे धमकी दिली का? ताई म्हणाल्या, "हो, तसंच समजा."

धमकी नव्हती ती. डोळे पुसत, किल्ल्या काउंटरवर ठेवून तो ते म्हणाला होता. माझ्यासारखा माणूस तुम्हाला परत मिळायचा नाही, एवढाच त्याचा अर्थ होता, आणि ताईंना तो त्याच वेळी कळला होता. पण जबाब टाईप झाला, ताईंनी सही केली. भावाने जिन्यात त्यांची पाठ थोपटली. घरी गेल्यावर ताईंनी मनाची समजूत घातली, पोलीस एकदा विचारतील आणि सोडून देतील, त्यात काय एवढं.

पोलीस काही एकदा विचारून थांबले नाहीत. ताईंना ते कळलं लंबूच्या बायकोकडून. सासूसाठी दम्याचा पंप न्यायला ती दुकानात आली होती. नवऱ्याला पुन्हा पुन्हा चौकीवर बोलावतात, तासन्‌तास बसवून ठेवतात, असं ती सांगत होती. तो आता एका ट्रान्सपोर्टच्या गोदामात कामाला होता. पोलीस तिथेही चौकशीला गेले, आणि मालकाने नसती भानगड नको म्हणून त्याला घरी बसवलं.

"कोणी नाव घेतलंय तेच कळत नाही," ती म्हणाली. "ताई, तुम्ही त्यांना इतकी वर्षं बघितलंय. एकदा चौकीवर येऊन सांगा ना, माणूस सरळ आहे म्हणून. तुमच्या शब्दाला वजन आहे."

ताईंनी पंप कागदात गुंडाळला. गुंडाळलेला पुन्हा गुंडाळला. बघते, एवढंच त्यांच्या तोंडून निघालं. ती आभार मानून गेली, आणि ते आभार ताईंना दिवसभर खात राहिले.

त्यांनी भावाला फोन केला. परवाना हाताशी आलेला असताना हे काय डोक्यात घेतलंस, असं म्हणून तो वैतागला. खोटा जबाब दिला म्हणून तुझ्यावरच शेकेल, त्यापेक्षा गप्प राहा, प्रकरण आपोआप थंड होईल. ताईंनी फोन ठेवला, दुकान भर दुपारी बंद केलं आणि एकट्याच परवाना शाखेत गेल्या.

साहेबांचं सौजन्य त्या दिवशी आटलं होतं. त्यांनी ताईंना उभं ठेवूनच ऐकून घेतलं, मग खरमरीत सुनावलं. कारवाई होऊ शकते याची कल्पना दिली, नवा जबाब घेतला आणि अर्ज फेटाळला. ताईंना वाटलं होतं, हे केलं की छातीवरचं ओझं उतरेल. उतरलं नाही. अजून एक घर बाकी होतं.

लंबूच्या घरी दार त्याच्या बायकोने उघडलं. ताई चौकीवर शब्द टाकून आल्या असाव्यात, असंच तिला वाटलं; तिने लगबगीने खुर्ची पुढे केली. ताई बसल्या नाहीत. उभ्या-उभ्याच त्यांनी सगळं सांगितलं, भावाचं नाव मध्ये न आणता. आतल्या खोलीत म्हातारी खोकत होती. बायकोने खुर्चीवरचा हात काढून घेतला.

लंबू आतल्या खोलीच्या दारात उभा राहून ऐकत होता.

"तुम्ही घाबरला होतात, ते समजतं मला," तो म्हणाला. "पण मला तर ओळखत होतात ना?"

दुकानात परत ये, असं ताई म्हणाल्या, पगारही वाढवून देते. तो नको म्हणाला. माझ्यासाठी काही करायचंच असेल तर गोदामात जा, चार माणसांसमोर माझं नाव गेलं, तिथेच जाऊन सांगा, असं त्याने सांगितलं.

दुसऱ्या दिवशी ताई गेल्या. हमाल पोती उतरवत होते, मालक फोनवर कोणाला तरी शिव्या घालत होता. ताईंनी त्याचा फोन संपेपर्यंत वाट पाहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं, की नाव मी घेतलं होतं आणि ते खोटं होतं. हमाल थांबून बघत राहिले. मालकाने मान हलवली, पण त्या जागेवर त्याने दुसरा माणूस घेतला होता.

पुढे चोर सापडला, दुसऱ्याच एका चोरीत. ओळख पटवायला ताईंना बोलावलं, तेव्हा समोर उभा होता तो त्यांच्या खांद्याला लागेल एवढा बुटका. लंबूला चौकीवर बसवून ठेवणाऱ्या हवालदाराला हसू आवरेना. ताई मात्र त्या चोराकडे पुन्हा पुन्हा बघत राहिल्या.

लंबूला दोन-तीन महिन्यांनी एका दवाखान्यातल्या औषधाच्या दुकानात काम मिळालं. तिथल्या डॉक्टरीणबाईंनी ताईंना फोन करून माणूस कसा आहे विचारलं होतं. ताई इतकं भरभरून बोलल्या, की पलीकडून बाईंना मध्येच थांबवावं लागलं. हे लंबूला कधी कळलं की नाही, ताईंना माहीत नाही. भावाशी त्यांचं बोलणं कामापुरतंच उरलंय. दुकानाला त्यांनी लोखंडी जाळी बसवून घेतली आणि उजेड असतानाच त्या घरी जायला लागल्या.

लंबूची बायको त्यांच्याकडे परत कधी आली नाही. तो स्वतः एकदा आला, भर दुपारी. दम्याचा पंप त्याच्या दुकानात संपला होता, दुसरीकडेही कुठे मिळत नव्हता. पैसे नकोत म्हणायचं ताईंच्या ओठांवर आलं होतं, पण त्यांची हिंमत झाली नाही. आई कशी आहे, एवढंच त्यांनी विचारलं.

"आहे," तो म्हणाला, आणि पंप खिशात टाकून जाळीबाहेर पडला.