भिवई, झालर आणि शेपूट

पूजेत अक्षता वाहताना किती सांडल्या ते कळत नाही. संध्याकाळी देवघर झाडायला घेतलं, की मूठभर निघतात! आमच्या मावला गावच्या शेडमधल्या किस्स्यांचं तसंच आहे. घडत होते तेव्हा वाटायचं, दिवस कामात चाललाय. आता चौघी भजनाला जमल्या, की भजन राहतं बाजूला आणि "वहिनी, तो मिस्त्रीचा सांगा ना" सुरू होतं.

शेड म्हणजे आमच्या ह्यांची. नव्वदच्या आसपासची गोष्ट. आदिलाबादकडे तेव्हा भाड्याच्या व्हॅन नुकत्या वाढायला लागल्या होत्या. नवी गाडी यायची ती अगदी लंकेची पार्वती! मालकाला ती सजवून हवी असायची. पुढे लोखंडी गार्ड, काचेवर उन्हासाठी व्हायजर, दोन्ही कुशींना खाली फायबरचा पट्टा, मागे स्पॉयलर, टपावर कॅरियर, चढायला शिडी. हे सामान हैदराबादहून बसच्या टपावर यायचं आणि हे व गफूर मिस्त्री ते गाडीला बसवून द्यायचे.

शेडच्या पलीकडेच माझ्या सासऱ्यांचं, मामाजींचं, किराणा दुकान. माणूस चोख. घरी साखर द्यायची असली तरी तराजूत तोलून. काटा मधोमध आल्याशिवाय पुडी बांधायची नाही, मग गिऱ्हाईक असो की सून! त्यांना या सामानाची इंग्रजी नावं कधी रुचली नाहीत. व्हायजर म्हणजे भिवई, खालचा पट्टा म्हणजे झालर, स्पॉयलर म्हणजे शेपूट.

"प्रकाश," ते ह्यांना म्हणायचे, "गाडी माल वाहासाठी असते. तिच्या भिवया काऊन कोरून राह्यला? तिचं लगन लावाचं हाय का?"

एकदा त्यांनी स्पष्टच सांगितलं. "येत्या दसऱ्यापर्यंत पाह्यतो. जम बसला तर बसला. नाई तर दसऱ्यानंतर शेडले कुलूप, अन् तू दुकानाच्या गादीवर."

ह्यांचं तोंड पाहवेना. दुकानात बसले की या माणसाला जांभया येतात आणि शेडमध्ये गेले की शिट्टी! मी देवापुढे बसले आणि मनातल्या मनात म्हणाले, "मारुतीराया, शेड राहू दे. राहिली की मगच साखर तोंडात घालीन." बोललेलं व्रत सांगायचं नसतं. ह्यांनाही सांगितलं नाही.

*

पहिलं मोठं गिऱ्हाईक म्हणजे भाजीवाले केरबा. बैलगाडीतून आले ते आई, बायको, बहीण, सगळ्यांना घेऊन. सामान पसंत करायला!

मी सतरंजी घातली. मंडळी ऐसपैस बसली. हे एकेक वस्तू पुढे मांडू लागले. केरबांच्या आईने गार्डावरून हात फिरवला, व्हायजर उलटा करून पाहिला आणि म्हणाली, "याच्यात दुसरा रंग नाई का जी?"

"आहे ना, मावशी."

"अन् याचे काठ असेच बारीक का? जरा रुंद दाखवा."

बायकोला झालर हिरवी हवी, बहिणीला निळी. दोघी रुसल्या, मग हसल्या. मामाजी दुकानातून मान उंच करकरून पाहत होते. माझा जीव सुपाएवढा झाला. म्हटलं, मारुतीराया पावला! दुपारी एकदाचं सगळं पसंत पडलं. चहा झाला. हे पेन्सिल कानाला लावून उठले.

"गाडी कधी आणता मग?"

केरबा आईकडे बघून लाजले.

"गाडी अजून घ्याची हाय ना जी!" आई म्हणाली. "दागिने तर आधी पसंत पडू द्या. मंग नवरी पाहू!"

*

गफूरभाई मोठा गुणी माणूस. हात असा की वेल्डिंगचा डाग शोधून सापडायचा नाही. पण कामात बुडाले, की जगाचं भान नाही.

बेल्लमपल्लीच्या एका पाव-बिस्किटवाल्याची बंद डब्याची व्हॅन आली होती. डबा चारी बाजूंनी पत्र्याचा, जायला-यायला फक्त मागचं दोन फळ्यांचं दार. त्याला मागे शिडी हवी होती. ह्यांनी बाहेरून शिडी धरली आणि गफूरभाई नटबोल्ट कसायला आत शिरले. दार ओढून घेतलं, म्हणजे माप बरोबर मिळेल. तासभर ठाकठूक चालली. शिडी बसली, अशी सरळ की ओळंबा लावून घ्या!

तेवढ्यात मामाजी आले. आता कुठे त्यांना एखादं काम आवडेल म्हणून मी मनात हात जोडले. मामाजींनी शिडी हलवून पाहिली. हलेना. "हं," म्हणाले, "मजबूत हाय." एवढं म्हणणंसुद्धा त्यांच्या तोंडून मोठं! "मिस्त्री कुठं गेला?"

हे इकडेतिकडे बघू लागले. आणि मग त्यांचा चेहरा पांढरा पडला. शिडीचा एक पाय डाव्या फळीवर, एक उजव्या फळीवर. दोन्ही फळ्या मिळून एकच भिंत झाली होती!

आतून आवाज आला.

"अंदर हूँ, सेठजी! फिटिंग इतनी टाइट है, मैं भी नहीं निकल सकता!"

*

शेडमधून गाडी निघताना तिची पूजा मी करायची, हा आमचा रिवाज. हळदकुंकू, फूल, गार्डाला लिंबू-मिरची आणि शेवटी नारळ. गिऱ्हाइकं म्हणायची, "वहिनींचा हात लागला, की गाडी पंक्चरसुद्धा होत नाही." होत असणारच, पण माझ्याजवळ येऊन कोण सांगतो?

एका नव्या गाडीला ह्यांनी पुढे फायबरचा बंपर लावला होता. पांढराशुभ्र, त्यावर लाल रेघ. आरती झाली. गाडीचा ड्रायव्हर भाविक, त्यात अंगाने पहिलवान. मी "दगडावर फोडा हो" म्हणेपर्यंत त्याने "जय बजरंग!" म्हणून नारळ हाणला तो बंपरवरच.

फट्!

आम्ही डोळे उघडले. नारळ शाबूत. बंपरचे दोन तुकडे!

मामाजी दुकानाच्या ओट्यावर उभे राहून सगळं पाहत होते. गफूरभाईंनी घरंगळत गेलेला नारळ उचलला, कानाशी नेऊन हलवला, टिचकी मारून पाहिली आणि गंभीरपणे ह्यांना म्हणाले, "उस्ताद, अगली गाडी को सामने यहीच फिट करते."

*

इकडे माझं वेगळंच नाटक चाललं होतं. साखर सोडलेल्या बाईला या जगात किती गोड आडवं येतं, ते सोडल्याशिवाय कळत नाही! हळदीकुंकवाला गेले, पेढा पदरात बांधला. डोहाळजेवणाला गेले, जिलबी ताटाच्या कडेला सरकवली. शेजारच्या बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. दुसऱ्या दिवशी शांताबाई पेला घेऊन हजर.

"घे बाई. कारल्याचा रस हाय. माझ्या भावाले यानंच बरं वाटलं."

"अहो, मला काही झालेलं नाही."

"तोही असंच म्हणे!"

काय सांगणार? व्रत बोलायचं नाही, खोटंही बोलायचं नाही. नाक धरून प्यायले. मग रोज सकाळी पेला येऊ लागला! एकदा मामाजी अंगणात दात घासत होते. त्यांनी पेल्याकडे पाहिलं, माझ्या तोंडाकडे पाहिलं.

"सूनबाई, तब्येत बरी हाय ना?"

"बरी आहे, मामाजी."

"मंग घरची साखर काऊन उरून राह्यली?"

मी पदर डोक्यावरून पुढे ओढला आणि तुळशीला पाणी घालायला गेले.

*

खरी आशा लागली ती उटनूरच्या पोचन्नामुळे. जंगलातल्या गावांतून बाजाराला माणसं आणणाऱ्या त्याच्या बऱ्याच व्हॅन होत्या. त्याने एका गाडीला फायबरची झालर लावून नेली आणि आठवड्याने तिचे तुकडे पोत्यात भरून आणले.

"गाडी कुठे धडकली, अन्ना?" ह्यांनी विचारलं.

"धडकली नाही. माणसं बसली!" तो म्हणाला. तेलुगू वळणाची त्याची मराठी मोठी गोड. "गाडी थांबली की म्हाताऱ्या खाली उतरतात, झालरवर बसतात, पान खातात. मी म्हणतो, उठा, मोडेल. ते म्हणतात, बसायला नाही तर लावली कशाला?"

हे दोन दिवस ते तुकडे जुळवून बघत होते. शिट्टीसुद्धा नाही. मग गफूरभाईंना घेऊन त्यांनी लोखंडी पाइपाची लांब पायरी बनवली. दिसायला झालर, चढायला पायरी, बसायला बाक! पोचन्ना तिच्यावर स्वतः बसला, उठला, पुन्हा बसला. "चाला बागुंदी, अम्मा!" मला म्हणाला. म्हणजे फार छान. आणि ह्यांना म्हणाला, "दसऱ्याच्या गर्दीत ही टिकली, तर माझ्या बाकीच्या गाड्या तुझ्याकडे."

पुन्हा दसराच! मी देवाला म्हटलं, आता सगळं तुझ्याच पायरीवर.

*

नवमीला आमच्याकडे हत्यारांची पूजा. धुऊन-पुसून, कुंकू लावून मांडायची. दसऱ्याला पूजा उठेपर्यंत त्यांना हात लावायचा नाही. मामाजी या बाबतीत फार कडक. दुकानातला तराजू, वजनं, सगळं झेंडूखाली झाकलेलं असायचं आणि दुकान बंद.

त्या वर्षी माझ्या अंगात भक्ती जरा जास्तच संचारली होती. पाने, हातोड्या, ड्रिल, जॅक, वेल्डिंग मशीन, सगळं शेडमध्ये पाटावर मांडलं. गफूरभाईंनी आपली पेटी स्वतः पुसून आणली, "भाभी, इनको भी बिठाओ." घरातली विळी, सांडशी, खलबत्तासुद्धा नेऊन ठेवला. एक खिळा बाहेर ठेवला नाही! आरती केली आणि मामाजींच्या हातावर प्रसाद ठेवला, एवढ्यात रस्त्यावरून खडखड आवाज आला.

पोचन्नाची गाडी. आत सणाला घरी निघालेली माणसं, पोरं, गाठोडी. आणि एका बाजूची पायरी जमिनीला घासत होती.

पायरी धड होती. तिला धरणारा बोल्ट गर्दीच्या भाराने तुटला होता. नवा बोल्ट डब्यात होता, डबा पाटावर होता आणि पाटावर झेंडू होता.

"अन्ना, हत्यारं बसली आहेत," हे म्हणाले.

पोचन्नाने पाटाकडे पाहून नमस्कार केला. "पण अम्मा, ही माणसं आज घरी गेली पाहिजेत. पुढे जंगल आहे." मग मिशीवरून हात फिरवून तो हळूच म्हणाला, "पायरी टिकली असती, तर बरं झालं असतं."

हे पाटाकडे बघत, मग माझ्याकडे. मी मारुतीरायाकडे बघावं, तर मीच त्याच्यापुढे सगळं मांडून ठेवलेलं! मामाजी हातातल्या प्रसादाकडे पाहत उभे होते. दसरा उद्या. कुलूप परवा.

मामाजींनी प्रसाद तोंडात टाकला. हात धोतराला पुसला. दुकानाचं दार किलकिलं करून आत गेले आणि बाहेर आले ते सुतळीचा नवा गुंडा घेऊन!

"सुतळी काई हत्यार नोहे," म्हणाले.

आणि ते पांढरंशुभ्र, सणाचं धोतर नेसलेले माझे सासरे सरळ गाडीखाली शिरले!

"बाबा!" हे ओरडले.

"बाबा-बाबा काय करून राह्यला? उचल तिकडून! मिस्त्री, तुमी मागून! भिवईकडून नाई, झालरीकडून! आनखी वर! शेपटीकडं कोन हाय? हात लाव ना बाबू!"

गाडीतले बाप्ये उतरले, सगळ्यांनी पायरी उचलून धरली. गाडीखालून मामाजींचे फक्त पाय दिसत होते. गुळाचं पोतं बांधायचा वेढा, त्यावर वेढा, मग ती किराणावाल्यांची गाठ, जी ओढली की आणखी आवळते. बाहेर आले तेव्हा धोतर काळं, टोपी तिरपी, नाकाला ग्रीस.

"बस तिच्यावर," पोचन्नाला म्हणाले.

पोचन्ना बसला. पायरी हलली नाही.

"घरी जाईपर्यंत टिकते. कोणाले वर उभं मात्र करू नोको. दसरा झाला की आन, हा पोरगा पक्का बोल्ट टाकून देईन. अन् सुतळी जपून सोडजो. नवी हाय."

पोचन्ना उठला, त्यांच्या धोतराकडे पाहून हसला. "दसरा झाला की एक नाही, सगळ्या आणतो, सेठ."

गाडी गेली. धुरळा बसेपर्यंत हे तिच्याकडे बघत उभे होते. मग हळूच शिट्टी सुरू झाली. मी मामाजींना हात धुवायला पाणी दिलं. त्यांनी नुसते ओले केले, पंच्याला पुसले आणि पुन्हा दुकानाकडे गेले. मला वाटलं, दार लावायचं राहिलं असेल.

परत आले ते हातात वर्तमानपत्राचा मोठा पुडा घेऊन. वरून उघडाच, शीग भरलेला, कडेने साखर सांडत होती. त्यांनी तो माझ्या ओंजळीत ठेवला.

"मोजली नाई," ते म्हणाले. "तराजू पूजेत हाय."