रॅम्प आणि वाळूच्या मधलं पाणी

पुण्याहून रात्रीची गाडी पकडली आणि सकाळी मूर्तिजापूरला उतरलो, तेव्हा पहिल्यांदा जाणवली ती हवा. तिच्यात मीठ नव्हतं. उभी नोकरी मी खाऱ्या हवेत काढली. निवृत्तीनंतर पुण्यात घर घेतलं तरी नाकाला ती सवय राहिलीच. इथे मात्र वाळलेल्या सोयाबीनचा आणि ओल्या मातीचा वास होता. परतीचा पाऊस आदल्याच दिवशी येऊन गेला होता, असं स्टेशनाबाहेरच्या चहावाल्याने सांगितलं. सोंगून (कापून) ठेवलेलं सोयाबीन भिजलं म्हणून तो पावसाला शिव्या देत होता.

एसटीने कारंजा, आणि तिथून कामरगावकडे जाणारी काळीपिवळी. इकडे काळ्या-पिवळ्या जीपला लोक एवढंच म्हणतात. पुढच्या सीटवर चालक धरून चौघं. माझी पिशवी मांडीवर, गिअरचा दांडा गुडघ्याला. दोन्ही बाजूंना तुरी कमरेइतक्या वाढलेल्या, मध्येच कपाशीची पांढरी बोंडं फुटलेली. मला हे सगळं आवडायला हवं होतं. पण मी कुणाच्या घरी का चाललो आहे हे मला माहीत होतं, आणि रस्ता लवकर संपू नये असंच वाटत होतं.

चालकाने विचारलं, कोणाकडे जायचंय. नामदेव तायड्यांचं नाव सांगितलं, तशी त्याची कळी खुलली.

"धावाच्या पोट्ट्यायचा बुडा काय? लय कडक मानूस हाये जी. पोट्टं उशिरा आलं तं डायरेक त्याच्या बापाले फोन लावते."

भरतीसाठी धावणाऱ्या मुलांना नामदेवकाका पहाटे रस्त्यावर पळवतात, हे मला त्याच्याकडूनच कळलं. पोलिसात, सैन्यात आसपासची बरीच मुलं त्यांच्या हाताखालून गेली होती. मग तो गाडी चालवता चालवता सहज म्हणाला, "त्याइचं पोरगं नेव्हीत होतं. हुकमाच्या आंधी पान्यात उतरलं अन् गेलं. बुडा सोताच सांगते पोरायले, माह्या पोराची चूक करू नोका म्हनून. असं सांगाले कलेजा लागते."

मागून एका बाईने दुजोरा दिला. हुकमाआधी उतरला, हे वाक्य माझं होतं. ते मी एका बंद खोलीत, टेबलापलीकडे बसलेल्या तीन अधिकाऱ्यांसमोर उच्चारलं होतं. इतक्या वर्षांनी, समुद्र न पाहिलेल्या माणसाच्या तोंडून, वऱ्हाडी बोलीत ते मला परत ऐकायला मिळालं.

फाट्यावर नामदेवकाका घ्यायला आले होते. उंच, वाळके, पांढरा सदरा कडक इस्त्रीचा. त्यांनी 'जय भीम' केला, मीही केला. माझी पिशवी त्यांनी हातातून जवळजवळ हिसकावूनच घेतली. फाट्यापासून गाव तसं जवळ, पण मध्ये एक नाला आहे आणि त्यावर रपटा (पाणी वरून वाहू देणारा ठेंगणा पूल). तेव्हा त्यावरून जेमतेम घोटाभर पाणी जात होतं. वरच्या अंगाला पाऊस झाला की हाच नाला वाट अडवतो, असं ते म्हणाले.

वाटेत त्यांनी मला बेत सांगितला. त्यांच्या मुलाच्या, मिलिंदच्या, जहाजाचे साहेब स्वतः येतायत, हे त्यांनी पोरांना सांगून ठेवलं होतं. सकाळी पोरं जमली की मी त्यांना शिस्तीवर दोन शब्द सांगायचे होते.

मी बरं म्हणालो. हेच माझं नेहमीचं. गप्प बसायचं, नाहीतर बरं म्हणायचं.

घर दोन खोल्यांचं, पुढे ओसरी, बाजूला गोठा. भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब, त्यांच्या शेजारी एक मोकळा खिळा. मी खिळ्याकडे बघतोय हे काकांनी ओळखलं. मिलिंदचा वर्दीतला फोटो आतल्या खोलीत आहे, म्हणाले. ओसरीवर पोरं येतात, हुकूम मोडणाऱ्याचा फोटो त्यांच्यासमोर लावणं त्यांना बरोबर वाटत नव्हतं. हे त्यांनी कडवटपणे सांगितलं नाही. हिशोबी माणूस नियम सांगतो तसं सांगितलं.

मिलिंदची आई, पंचफुलाबाई, दारात उभ्या होत्या. नवऱ्याचं बोलणं ऐकून त्या आत गेल्या.

संध्याकाळी त्यांनी पातोडीची भाजी केली. बेसनाच्या वड्या झणझणीत रश्श्यात सोडतात, त्याला इकडे पातोडी म्हणतात. सोबत ज्वारीची भाकर, कच्चा कांदा. चुलीपुढे बसून त्या भाकरी थापत होत्या आणि मला 'भाऊ' म्हणत होत्या. मिलिंद लहानपणी गावतळ्यात पायसुद्धा घालायचा नाही, असं त्यांनी सांगितलं. बाकीची पोरं म्हशींच्या पाठीवर बसून पाण्यात जायची, हा काठावर त्यांचे कपडे राखत बसायचा. नौदलात गेला तेव्हा सगळं गाव हसलं होतं.

"आता तुमीच सांगा भाऊ," त्या म्हणाल्या, "असं पोरगं कोनी न सांगता पान्यात उतरन काय?"

"झालं तुहं सुरू," काका म्हणाले. "मोठे लोक नेव्हीच्या कागदात खोटं लिहितेत काय? साहेबाले जेवू दे."

मी भाकरीचा तुकडा ताटात ठेवला आणि बोलायला लागलो. जे त्यांना सांगितलं ते इथे लिहितो. तुमच्यापैकी अनेकांनी माझ्या समुद्रावरच्या गोष्टी वाचल्या आहेत. ही त्यात कधी आली नाही.

मी ज्या जहाजाचा कप्तान होतो ते फौजा किनाऱ्यावर उतरवणारं जहाज. बाकीची जहाजं जमिनीला घाबरतात. आमचं काम मुद्दाम जमिनीवर चढण्याचं. मागे नांगर टाकायचा, पुढचं नाक वाळूत घुसवायचं, दरवाजे उघडायचे आणि रॅम्प खाली सोडायचा. त्यावरून सैनिक आणि गाड्या उतरतात. रॅम्पपर्यंत हुकूम नौदलाचा, वाळूवर पाय टेकले की भूदलाचा. मध्ये थोडं पाणी असतं.

त्या पाण्यात आधी एक माणूस उतरतो. कमरेला दोर, हातात खुणा केलेली काठी. तळ चाचपत तो वाळूपर्यंत जातो, मगच फौज उतरते. कारण जहाज कधी कधी किनाऱ्याला न टेकता अलीकडच्या वाळूच्या दांड्यावर टेकतं. समोर गुडघाभर पाणी दिसतं, आणि दांड्यापलीकडे खोल खाच असते.

त्या सकाळी सराव होता. युद्ध नव्हतं, हे आधी सांगायला हवं. ओहोटी लागली होती. उशीर केला तर जहाज वाळूत अडकून बसणार होतं, आणि सगळ्या तुकडीचे प्रमुख दुसऱ्या जहाजावरून माझ्याकडे बघत होते. त्यांनी एवढंच विचारलं, उशीर का? त्याच वेळी पुढून फोन आला. रॅम्पवरच्या पेटी ऑफिसरने, म्हणजे तिथल्या खलाशांच्या नायकाने, सांगितलं की दोर गुंतलाय, सोडवतोय. मिलिंद विचारतोय, दोर येईपर्यंत थांबू का?

मी म्हणालो, "दोराशिवाय उतरव."

मिलिंद उतरला. काठीने तळ बघत गेला. पाणी गुडघ्याला, मग मांडीला, मग तो दिसेनासा झाला. दांड्यापलीकडच्या खाचेत ओहोटीची ओढ होती.

चौकशीत मला विचारलं, हुकूम कोणी दिला? मी सांगितलं, माझं लक्ष मागच्या नांगराकडे होतं, तो हुकमाआधीच उतरला असावा. पेटी ऑफिसरने सांगितलं, इंजिनाच्या आवाजात फोन ऐकू आला नाही. सांगताना त्याने माझ्याकडे पाहिलं नाही. भूदलाचे अधिकारी म्हणाले, वाळूपर्यंत पोचला नव्हता, म्हणजे आमच्या ताब्यात नव्हता. सगळ्यांचं बोलणं जुळलं. मला पुढे बढतीही मिळाली.

पंचफुलाबाईंच्या हातात भाकर होती. ती त्यांनी तव्यावर टाकली, पाण्याचा हात फिरवला, उलटली. मग माझ्याकडे न बघता नवऱ्याला म्हणाल्या, "म्या सांगतलं होतं तुमाले."

काका उठून गोठ्यात गेले. बैलाला कुटार (भुसा) आधीच टाकलेलं होतं. त्यांनी आणखी टाकलं. बऱ्याच वेळाने परत आले आणि उंबऱ्यावर बसले.

"ते मधातलं पानी कोनाचं होतं म्हनता?"

कागदावर ते नेमकं कोणाचंच नव्हतं, असं मी सांगितलं.

"आमच्या इथं धुऱ्यावर (दोन शेतांमधल्या बांधावर) एका मजुराले साप चावला. दोन्ही वावरवाले म्हने, माह्या वावरात नाही चावला. पन तो मानूस कोनाच्या तरी कामालेच गेला होता न?"

मी म्हणालो, "माझ्या कामाला गेला होता."

मला वाटलं होतं ते ओरडतील, घराबाहेर काढतील. त्याची तयारी करून आलो होतो. ते हलक्या आवाजात म्हणाले, "तुमी एकदा खोटं बोलले साहेब. मी रोज पाह्यटी बोललो. माह्याच पोराचं नाव घेऊन."

याची तयारी माझ्याकडे नव्हती. मी विचारलं, आता मी काय करू?

उत्तर पंचफुलाबाईंनी दिलं. त्यांचं 'भाऊ' म्हणणं संपलं होतं. "सकाळी पोट्टे येतीन. जसं आमाले सांगतलं, तसं त्याइले सांगा, साहेब. काही गाळू नोका."

मग त्यांनी माझ्या ताटात गरम भाकर वाढली. मला ती खावी लागली. टाकून उठणं हा त्या घरात आणखी एक गुन्हा झाला असता.

रात्री पाऊस झाला. उजाडता उजाडता पोरं आली, कोणी बुटात, कोणी अनवाणी. एकाच्या बनियनवर मोठं भोक होतं, त्यावरून बाकीचे त्याला, हवा खेळावी म्हणून पाडलं काय, असं चिडवत होते. काका आले तसे सगळे रांगेत ताठ झाले. काका म्हणाले, साहेब बोलतीन, आणि बाजूला उभे राहिले. पंचफुलाबाई ओसरीच्या खांबाला धरून होत्या.

मी रांगेपुढे उभा राहिलो. मग जहाजापासून सुरुवात केली आणि काही गाळलं नाही. 'दोराशिवाय उतरव' हे मी म्हणालो, असं म्हटलं, तेव्हा रांगेतली एकेक मान काकांकडे वळली. ते समोर बघत होते.

भोकाच्या बनियनवाला म्हणाला, "मंग हुकूमच चुकीचा असला तं का करायचं जी?"

"विचारायचं," मी म्हणालो. "मिलिंदने विचारलं होतं."

काकांनी एकदम मान खाली घातली. आपल्या मुलाने विचारलं होतं, हे रात्री माझ्या बोलण्यात येऊन गेलं होतं. पण ते त्यांच्या कानात बहुधा आत्ता शिरलं.

सकाळची जीप गाठायला मी निघालो. पोरं धावायला फाट्याकडेच जाणार होती, म्हणून सगळे बरोबर आले. रपट्यावरून आता गढूळ पाणी जोरात जात होतं. रपट्याची कड दिसत नव्हती. पोरं नेहमीच्या सवयीने घुसणार, तेवढ्यात काकांनी हात आडवा केला. शेजारच्या वावरातल्या बंडीवरून (बैलगाडीवरून) त्यांनी बैलांचा कासरा सोडून आणला. सुताचा, वापरून मऊ झालेला, लांब दोर.

तो त्यांनी माझ्यापुढे धरला. "बांधा कमरेले."

मी बूट काढले, पँट दुमडली, दोर बांधला. गाठ मी जहाजावरची मारली, हाताला तीच येते. एका पोराने तुराटी (तुरीची वाळकी काडी) दिली. तिने खालचा दगड चाचपत मी पाण्यात शिरलो. पाणी थंड होतं आणि उजवीकडे ओढत होतं. मागे वळून बघितलं नाही, पण दोर किती सैल, किती ताठ, ते कमरेला कळत होतं. मी अडखळलो तेव्हा तो ताठ झाला. चालू लागलो तसा सैल सुटला.

पलीकडे चढलो. दोन्ही पाय कोरड्यावर टेकल्यावरच काकांनी हातातलं टोक सोडलं. मग पोरं एकमेकांचे हात धरून आली. शेवटच्याच्या डोक्यावर माझी पिशवी आणि बूट होते. काका अलीकडेच थांबले, गावाच्या बाजूला. त्यांनी निरोपाचा हात केला नाही. मीही केला नाही. ते वळून घराकडे चालू लागले.

पुण्याला पोचल्यावर मी नौदलाच्या कार्यालयात जाऊन माझा जबाब बदलून दिला. समोरच्या तरुण अधिकाऱ्याने दोनदा विचारलं, सर, आता कशासाठी? पुढे काय होईल ते होईल. पंचफुलाबाईंचा फोन आला नाही. भोकाच्या बनियनवाल्या पोराचा आला. भरतीचं विचारायला केला होता. बोलता बोलता म्हणाला की ओसरीवरच्या खिळ्याला आता फोटो आहे, आणि काका हल्ली धावण्याआधी काहीच सांगत नाहीत, नुसती शिट्टी मारतात.

त्या नाल्याचं पाणी मला आठवतं. सगळीकडे गुडघ्याएवढंच होतं. तेवढ्यासाठी दोर लागत नाही. जन्म त्या काठावर काढलेल्या माणसाला ते माहीत होतं.