आजीचा मुका व्हिडिओ

शनिवारी दुपारी मावशीकडे एका व्हिडिओशी तीन तास झटापट केली... मान अजून आखडलेली आहे.

आम्ही अंधेरीच्या गावठाणातले ख्रिश्चन. आमच्यात लग्नाच्या आदल्या संध्याकाळी बायका गात गात, बँड लावून विहिरीचं पाणी आणतात आणि त्या पाण्याने नवऱ्यामुलाला आंघोळ घालतात. रविवारी मावसभावाचं लग्न होतं. पण ते गाणं अख्खं पाठ असलेली सिसिलियाआजी गेल्या वर्षी गेली. फिलोमावशीला, म्हणजे नवऱ्यामुलाच्या आईला, पहिल्या कडव्यापुढे काही आठवेना.

माझ्या फोनमध्ये आजीचा जुन्या लग्नातला व्हिडिओ होता. लावला तर चित्र झकास, आवाज गायब! मावशीच्या फोनवर पाठवला, तिथेही मुका.

प्लेअर म्हणे, हा ऑडिओ असा चालणार नाही, वेगळा कोडेक टाका.

"दिवसभर त्या मोबाईलमध्ये तोंड घालून असतोस ना? मग कर आता," मावशी म्हणाली. झालं...

कोडेक म्हणजे एक छोटी फाईल, ती टाकली की प्लेअरला तो आवाज वाजवता येतो. पण ती आपल्या फोनच्या प्रोसेसरला जुळणारी हवी. मी पहिली दिसली ती उचलली... चुकीची. दुसरी शोधता शोधता स्पितीच्या बाईक ट्रिपच्या व्हिडिओत शिरलो, वीस मिनिटं गेली. तिसरी प्लेअरच्या जुन्या व्हर्जनची निघाली. डोळे चुरचुरायला लागले यार...

तोवर मावशी आणि दोन शेजारणी तोच मुका व्हिडिओ पुन्हा पुन्हा बघत बसल्या होत्या.

"थांब गं, मागे घे. ओठ मिटले बघ तिचे. इथे 'मामा' शब्द येतो."

"मामा नाय गं, मांडव!"

"हां... मांडव! मग पुढे मामा."

चौथा कोडेक लागला. फुल व्हॉल्यूममध्ये आवाज आला... नुसता बँड! आजी कुठेतरी खाली दबलेली, एक शब्द कळेना.

"बंद कर रे तो!" मावशी माझ्याकडे न बघता ओरडली. "आमचं चौथं कडवं चाललंय."

संध्याकाळी विहिरीवर त्यांनी पाचही कडवी म्हटली. मी बँडवाल्यांच्या हातापाया पडून तेवढा वेळ त्यांना गप्प बसवलं आणि व्हिडिओ काढला.

आवाज येतोय. तीनदा तपासलं.