गोठ्यातला निरोप

शेत आणि घर पोराच्या नावावर करायचं, अंगणापलीकडच्या दोन खोल्यांत राहायला जायचं आणि रोज सकाळी भांडं घेऊन सुनेच्या दारात दुधाला उभं राहायचं, याला आमच्या बव्हेरियात विसावा म्हणतात. क्विरीनलाही तो मिळाला. दूध, अंडी, सरपण, सगळं ठरल्याप्रमाणे येत होतं. पोरगा लोरेन्झ काही वाईट नव्हता. फक्त पहिल्याच आठवड्यात तो म्हणाला, "बाबा, गोठ्यात हाका मारत जाऊ नका. दोन धनी झाले की गुरं कुणाचंच ऐकत नाहीत."

क्विरीनने तोंड मिटलं ते मिटलंच. गोठ्यात जन्म काढलेल्या माणसाला ही काय शिक्षा असते, ते दुसऱ्याला सांगून कळायचं नाही. हंबरणं ऐकू आलं की तो मान खाली घालून परत फिरायचा. एकच आशा उरली होती. आमच्याकडची रीत अशी, की धनी वारला की घरातलं कुणीतरी गोठ्यात जाऊन गुरांना उठवतं आणि तसं सांगतं. नाही सांगितलं तर गुरं झुरून मरतात. बापाच्या वेळी क्विरीनने सांगितलं होतं. आपल्या वेळी लोरेन्झ सांगेल. तेवढ्यापुरता तरी गोठा पुन्हा आपला होईल.

अशी काही वर्षं गेली आणि एका हिवाळ्यात रानात झाड तोडताना लोरेन्झच त्याच्याखाली सापडून गेला.

सून आफ्रा म्हाताऱ्याच्या दारात आली. रडून रडून तिचा आवाज बसला होता. "मामंजी, गुरांना तुम्हीच सांगा. माझ्याच्यानं नाही होणार."

तो गेला. गाई रवंथ करत बसल्या होत्या. "उठा गं," इतक्या वर्षांनी त्याच्या तोंडून हाक निघाली आणि सगळ्या एकदम उठल्या. त्यानेच वाढवलेली म्हातारी गाय ब्लेस साखळी ताणून त्याचा हात चाटू लागली. तिला वाटलं, धनी परत आला.

"मी नव्हे गं," तो म्हणाला. "तुमचा धनी गेला. माझा लोरेन्झ गेला." मग भिंतीला टेकून तो ढसाढसा रडला.

बाहेर आफ्रा थांबली होती. "सांगितलंत?"

"सांगितलं." तो जरा घुटमळला. "मी गेलो की माझंही एवढं सांग गं पोरी. निदान ब्लेसला तरी."

आफ्राने डोळे पुसले. तिच्या मनात काही वावगं नव्हतं.

"अहो मामंजी, ते धन्यासाठी असतं ना," ती म्हणाली आणि त्याचं दुधाचं भांडं भरायला आत गेली.