मिठाशेजारची बरणी

तुमच्या मोरीत, ओट्याखाली, न्हाणीघराच्या कोपऱ्यात बिनानावाची एखादी बाटली आहे का? आत काय आहे ते फक्त तुम्हालाच माहीत, अशी? आठवून बघा. मी विचारते आहे त्याला कारण आहे, आणि ते कारण मी आजवर कोणालाही सांगितलेलं नाही. पप्पांना नाही, मैत्रिणींना नाही. जिला सगळ्यात आधी सांगायला हवं होतं, तिला तर नाहीच.

एरवी माझी लेखणी अडत नाही. ‘आम्ही विचारतो!’ असं वर लिहिलं की पुढचं पान आपोआप भरतं. आज मात्र प्रत्येक वाक्य दाराशी येऊन परत फिरतं आहे. कारण आज विचारायचं आहे ते मलाच.

मी पत्रकांच्या घरात वाढले. पप्पा नोकरी सांभाळून पत्रकं लिहायचे, अजूनही लिहितात. अंगात येणं, गंडेदोरे, हुंडा, पाण्यातून जाळ काढून दाखवणारे महाराज – सगळ्यांविरुद्ध. त्या जाळामागचं रसायन आमचं पत्रक दोन ओळींत उघडं करायचं. मी अक्षरं शिकले ती या कागदांच्या घड्या घालता घालता. आमच्या घरात देवघर नाही. पण छापायला जाणाऱ्या कागदावर कोणी चहाचा कप ठेवला तर घर डोक्यावर घेतलं जातं.

आणि छापायला जाणारा प्रत्येक कागद आधी शोभा मावशीकडे जायचा. ही आईची मोठी बहीण, आमच्या पुढच्याच गल्लीत राहते. आयुष्यभर बुटीबोरीच्या एका कापड कारखान्यात तपासणीवर होती. समोरून कापड सरकत जायचं आणि त्यातला तुटलेला धागा हिला दिसायचा. इतरांना दाखवून दिला तरी दिसायचा नाही. निवृत्त झाल्यावर ती नजर तिनं आमच्या पत्रकांवर लावली. माझ्या पहिल्या पत्रकाचं प्रूफ तिनं दोन बोटांत धरलं, क्षणभर पाहिलं आणि म्हणाली, “इथची वेलांटी कुठी गेली वं? लग्नाले गेली का?”

तिला तिच्या डोळ्यांचा अभिमान होता. हे लक्षात ठेवा.

साबणाचं खूळ माझं. गोरेपणाच्या साबणांविरुद्ध मी एक जळजळीत पत्रक लिहिलं होतं. ते एका सभेत वाचल्यावर मागून एक बाई म्हणाली, “मंग आम्ही आंघोळ कशानं करावं, तुह्या पत्रकानं?” सगळे हसले. मीही हसले, पण ते लागलं. मी घरीच करायला घेतलं. आधी उटणं – आंबेहळद, नागरमोथा, कपूरकाचरी, मसुराचं पीठ. मग शिकेकाई-रिठ्याची पूड. थकलेल्या पायांना बुडवून बसण्यासाठी गुलाबपाकळ्या आणि कडुलिंब घातलेलं खडेमीठ. आणि शेवटी साबण. एकाही पुडीवर ‘उजळ’ हा शब्द नव्हता. त्याचा मला केवढा तोरा!

साबण कसा होतो, तुम्ही पाहिलंय कधी? मला ते सांगायलाच हवं, कारण त्याच्यापाशीच सगळं सुरू होतं. कॉस्टिक सोडा – पांढरे, मिठासारखे कण. ओल्या कातडीला लागले तर कातडी जाळतात. हातमोजे, चष्मा घालून ते पाण्यात सोडायचे. नेहमी सोडा पाण्यात, पाणी सोड्यात कधीच नाही. खाली गॅस नाही, काही नाही, आणि माठातलं गार पाणी बघता बघता इतकं तापतं की भांड्याला हात लावता येत नाही. आधी गढूळ होतं, वाफ सोडतं, मग काचेसारखं नितळ. लकडगंजच्या बाजारातून आणलेलं खोबरेल आणि जवसाचं तेल शेजारी तयार. ते नितळ जहर तेलात ओतायचं आणि ढवळत राहायचं. आधी ताकासारखं, मग कढीसारखं, आणि मग एका क्षणी डावाची रेघ वर तशीच राहते, मिटत नाही. तेल तेल राहत नाही, जहर जहर राहत नाही. महिनाभर वडी फळीवर ठेवायची. नंतर जिभेचं टोक लावलं तरी झोंबत नाही. त्यानं लहान लेकराला आंघोळ घालता येते.

पहिल्यांदा ती रेघ उमटली तेव्हा मी आणि मावशी दोघी भांड्यावर वाकून ती पुन्हा पुन्हा काढून बघत होतो. महाराजांचे चमत्कार फोडण्यात बालपण गेलेल्या माझ्यासारखीला हात जोडावेसे वाटले. कोणाला जोडायचे, कळेना. मावशी म्हणाली, “बाप्पा! अन् हे कोनी मंत्र न म्हनता होते.”

एवढं मोठं नवल माझ्या ओट्यावर घडत होतं. आणि मी काय केलं? ते लपवलं.

प्रतापनगरच्या एका प्रदर्शनात एका बाईनं वडी उचलली, वास घेतला आणि विचारलं, “यात केमिकल नाही ना?” तिचा हात वडी परत ठेवायच्या बेतात होता. मी “नाही” म्हणाले. एक शब्द. ती वडी घेऊन गेली. पुढच्या आठवड्यात तो शब्द माझ्या माहितीपत्रकावर ठळक अक्षरांत आला: ‘एकही रसायन नाही.’ ‘यात कॉस्टिक घातला होता, आता तो उरलेला नाही’ असं खरं वाक्य लिहिता आलं असतं. किती सुंदर वाक्य होतं ते! पण ते समजावत बसावं लागलं असतं. तोवर लोक पुढच्या टेबलावर गेले असते.

प्रूफ मावशीकडे गेलं. तिनं बोट नेमकं तिथेच ठेवलं. “एकही नाही म्हनते, त तो लाल चिठ्ठीचा डबा काय आहे मंग?”

“मावशी, शेवटी तो उरत नाही ना.”

तिनं माझ्याकडे पाहिलं. “तू शिकलेली. तुले माहीत.” आणि कागद परत दिला. त्या नजरेतून काहीच सुटत नव्हतं, हे तुम्हीही लक्षात ठेवलंत ना?

दिवाळीच्या आधीची गोष्ट. प्रतापनगरच्याच काही बायका घरी येऊन माल पाहणार होत्या, भेट म्हणून वाटायला मोठी मागणी देणार होत्या. मी फळी सजवली. वनस्पतींच्या बरण्यांवर माझ्या हातानं लिहिलेली नावं. आणि त्या रांगेच्या टोकाला कॉस्टिकचा पांढरा प्लास्टिकचा डबा – लाल चिठ्ठी, कवटी, धोक्याची खूण. सकाळीच वापरला होता, आत ठेवायचा राहिला होता. ठेवता आला असता. माळा तीन पावलांवर होता. पण माझ्या डोक्यात आलं की माळ्यावर कोणी डोकावलं तर? कुठेही ठेवला तरी ती चिठ्ठी दिसणारच.

मी ती चिठ्ठी काढली. कोमट पाणी, थोडं खोबरेल, नखानं खरवडून. डबा कोरा झाला, कुठलीही साधी बरणी वाटावी असा. शेजारी खडेमिठाची तशीच पांढरी बरणी होती, तीही कोरी, कारण मिठावर कोण नाव लिहितं? कोणी विचारलंच तर दोन्हींना मीठ म्हणायचं, असं मी ठरवलं. मी ठरवलं. घाईत झालं नाही, चुकून झालं नाही.

मग मी अंगण झाडायला गेले.

मावशी आली, हात धुतले, पाय बुडवायच्या मिठाच्या पुड्या भरायला बसली. ओला हात तिनं बरणीत घातला. चुकीच्या.

तिची हाक अजून कानात आहे. मी धावले, कण झटकले, हात नळाखाली धरला आणि सोडला नाही. ती म्हणत होती, “पुरे वं, पुरे,” मी म्हणत होते, “नाही, अजून.” खूप वेळ. पाणी वाहत होतं आणि मी मोठ्यानं रडत होते. मग पप्पा तिला गाडीवर बसवून डॉक्टरकडे घेऊन गेले. डॉक्टरांनी सांगितलं, इतका वेळ पाणी सोडलं म्हणून हात वाचला. ज्या पोरीनं धरला तिला शाबासकी द्या. पप्पांनी घरी येऊन दिलीही. दोन बोटांवर डाग राहिले, एवढंच.

तुम्हाला वाटत असेल, हाच कबुलीजबाब. नाही. मी अजून तिथे आलेले नाही.

पप्पांची गाडी गल्लीच्या बाहेर पडली आणि मी घरात एकटी होते. येणाऱ्या बायकांना आज येऊ नका असं कळवलं, सांडलेलं आवरलं. मग टेबलावरून जाड काळा पेन घेतला, ज्यानं मोर्च्याचे फलक लिहिते तोच. एका पट्टीवर मोठ्या अक्षरांत लिहिलं: ‘कॉस्टिक सोडा. हात लावू नये.’ ती डब्यावर चिकटवली. ती फार नवी दिसत होती. म्हणून मी अंगठा तेलात बुडवून तिच्यावरून फिरवला. कडा मळवल्या. एक कोपरा थोडा उचकटला. जुनी वाटायला लागली तेव्हा थांबले.

मावशी हाताला पट्टी बांधून परत आली. फळीसमोर उभी राहिली. ते अक्षर वाचलं. लाल चिठ्ठी निघाली म्हणून मी ही पट्टी कधीच लावली असणार, असं तिनं धरलं. तिचे ओठ हलताना मी पाहिले.

“बाप्पा… एवढं मोठ्ठं लिहून आहे. अन् मले दिसलंच नाही.”

मी ओट्यावरचं फडकं उचलून त्याची घडी घालू लागले.

“डोये गेले वं माहे.”

मी तरीही खरं सांगितलं नाही. ‘चल, चहा टाकते,’ असं म्हणाले. हेच ते. साबण नाही, जहर नाही, माहितीपत्रकही नाही. हेच.

त्यानंतर काय झालं ते पाहून मी आजही हादरते. तिनं डोळे तपासून घेतले. वयाच्या मानानं नजर उत्तम आहे, वाचायला साधा चष्मा पुरे, असं सांगितलं गेलं. तिचा विश्वास बसला नाही. “डॉक्टरले काय समजते? मले काय नाही दिसलं, ते मले माहीत आहे ना!” पप्पा पत्रकाचं प्रूफ घेऊन गेले तर तिनं हात मागे घेतला. “भाऊजी, आता दुसऱ्या कोनाले दाखवा. माह्या नजरेचा भरवसा नाही.” साखरेचा डबा उघडतानाही ती विचारते, हे काय लिहिलं आहे वं, वाचून सांग. आणि मी वाचून सांगते. साखर, मावशी. साखरच आहे.

तुम्ही कल्पना करू शकता का? सरकत्या कापडातला तुटका धागा पकडणारे डोळे. त्या डोळ्यांनी त्या सकाळी बरणी पाहिली होती, कोरी होती म्हणून कोरीच पाहिली होती. ते बरोबर होते. पण समोर अक्षर आलं, आणि तिनं डोळ्यांना खोटं ठरवलं, अक्षराला खरं मानलं. आमच्या घरात लिहिलेलं खोटं असूच शकत नाही, हे तिनंच तर मला शिकवलं होतं. अक्षराची ताकद म्हणजे काय यावर मी व्याख्यानं दिली आहेत. ती ताकद मी खरी पाहिली ती त्या एका पट्टीत. पेनाच्या चार फटकाऱ्यांनी एका माणसाची दृष्टी काढून घेता येते. कॉस्टिकला निदान पाण्यानं धुता येतं.

माझं माहितीपत्रक मी बदललं आहे. आता त्यावर कॉस्टिकचं नाव आहे, साबण कसा होतो तेही आहे. पण ते सांगून मी माझ्या बाजूनं काही मांडत नाही. त्यानं मावशीचं काहीच परत येत नाही.

हा मजकूर छापायला जाण्याआधी त्याचं प्रूफ एकाच माणसाकडे जाणार आहे. मी ते नेऊन तिच्या हातात देईन आणि वाचून दाखवणार नाही. ती म्हणेल, मले दिसत नाही. मी म्हणेन, दिसतं. त्यापुढे ती काय म्हणेल, मला ठाऊक नाही. काही न म्हणता कागद परत देईल, किंवा देणारही नाही. तुम्ही हे वाचत आहात याचा अर्थ एवढाच, की तिनं ते आधी वाचलं आहे. वेलांटी कुठे चुकली असेल तर ती मी तिला सुधारू दिली नाही असं समजा. तिच्या नजरेतून सुटली असं कदापि समजू नका.

माझ्यासाठी मला काही नको. पण ती बाटली तुमच्या मोरीत अजून तशीच उभी आहे. फरशी धुवायचं ॲसिड असेल, पाण्याच्या जुन्या बाटलीत ओतलेलं फिनाईल असेल. उठा. पेन घ्या. तिच्यावर तिचं खरं नाव लिहा, कोणाचा हात जायच्या आधी.